आक्षेपार्ह नाही

चौथ्या पेल्यातला घोट जिभेवर आला आणि बाईंच्या हातातली पेन्सिल कागदावर टेकता टेकता थांबली. पेला पांढराशुभ्र, चिनी मातीचा, मुठीत मावेल एवढा होता. त्याच्या तळाशी निळ्या रंगाची दोन वर्तुळं होती, एकात एक. ती वर्तुळं काठासकट रेखीव दिसली की पेल्यातलं जपानी मद्य, साके, नितळ समजायचं, असं वर्ग सुरू होताना शिकवणाऱ्या मॅडमनी सांगितलं होतं आणि सगळ्यांनी माना वाकवून तळ बघितला होता. बाईंनीही बघितला. निळ्या रेघा सुईने ओढल्यासारख्या स्वच्छ होत्या. नाकाशी धरल्यावर फळासारखं काहीतरी आलं, गोडसर, थंड. मग घोट जिभेच्या मागच्या कडेला पोचला, आणि तिथे, बंद दाराआड कुणी तोंडावर हात धरून खोकावं तसं काहीतरी झालं. जळक्या केसाचं. अगदी पुसट. आलं आणि गेलंसुद्धा. बाईंनी घोट शेजारच्या पिकदाणीत टाकला, आणि मनाला विचारायच्या आधीच हाताने लिहून टाकलं: किंचित आक्षेपार्ह. लिहिलेलं वाचलं तेव्हा त्यांच्या अंगावर सर्रकन काटा आला. हे दोन शब्द त्यांनी अडतीस वर्षांत लिहिले नव्हते.

शनिवारची दुपार होती. दुकानाच्या माडीवरची लांबट खोली, रस्त्याच्या बाजूला मोठी काचेची खिडकी, मधोमध टेबल आणि टेबलाभोवती सहा माणसं. बाई, त्यांची सून, एक बोलका दंतवैद्य, एक नवंनवं लग्न झालेलं जोडपं आणि एक कोपऱ्यातले गृहस्थ, जे आल्यापासून प्रत्येक घोटानंतर फक्त मान हलवत होते. प्रत्येकासमोर पाच पेले, एक पाण्याचा ग्लास, एक पिकदाणी आणि एक छापील कागद. कागदावर पाच ओळी, आणि प्रत्येक ओळीपुढे 'काय आढळलं' असं लिहून मोकळी जागा. बाई इथे आल्या त्या सुनेच्या हट्टाने. एकाहत्तरावं वर्ष लागलं तेव्हा स्वेटर चार झालेत, छत्र्या तीन झाल्यात, आता आईंना द्यायचं काय, असा घरात खल झाला होता. "आई, जन्मभर पाणी चाखलंत," सून म्हणाली होती, "आता जरा बरं काहीतरी चाखा." मुलगा वर्तमानपत्रातून डोकं काढून म्हणाला, "आईला दारूच्या वर्गाला घालतेस? माझ्यावर तिने हेच संस्कार केले असते तर मीही पहिला आलो असतो." "दारू नाही रे, अभ्यास आहे. थुंकतात सगळे." "मग आईचा नंबर नक्की," मुलगा म्हणाला. "थुंकण्यात तिचा हात कोण धरणार?"

हे खरंच होतं. शहराच्या पाणी खात्याच्या प्रयोगशाळेत बाईंनी चौतीस वर्षं काढली होती, आणि त्यातली बावीस वर्षं रोज दुपारी बारा वाजता पाणी चाखलं होतं. तळमजल्याच्या मागच्या अंगाला एक छोटी खोली होती. तिला एकही खिडकी नव्हती, भिंती पांढऱ्या, आणि तिथे जायच्या आधी तासभर चहा नाही, साबण नाही, गजरा नाही, अशी शिस्त. शिपाई त्या खोलीला थुंकीघर म्हणत. शहराच्या वेगवेगळ्या भागांतल्या नळांचं पाणी काचेच्या बुचाच्या चंबूंतून यायचं. चंबू कोमट पाण्यात ठेवायचा, हलवायचा, बूच काढून पहिला वास घ्यायचा, मग एक घोट तोंडात खेळवून टाकून द्यायचा. गार पाणी गप्प असतं. कोमट केलं की त्याच्या पोटात जे असेल ते बोलायला लागतं. गंजलेला पाइप, शेवाळ, कुजलेलं पान, तळ्यात पडलेला पाऊस, सगळं. बाई ते ऐकत, आणि बहुतेक दिवशी तिथे काहीही नसे. मग कागदावर लिहायचं: गंध, आक्षेपार्ह नाही. चव, आक्षेपार्ह नाही. सगळ्यांत चांगलं पाणी ते, ज्याला चवच नाही. कशाचीही चव लागली नाही की दिवस चांगला गेला. अशी सवय झाली की माणूस घरीही तसंच जगतो. नवऱ्याने एकदा विचारलं होतं, "भाजी कशी झालीय?" आणि बाई म्हणाल्या होत्या, "काही दोष नाही." नवरा बिचारा दोन दिवस स्वयंपाकघराकडे फिरकला नव्हता.

आजही तसंच झालं. पहिला पेला चाखून बाकीच्यांनी भराभर लिहायला घेतलं. दंतवैद्यांनी तर मोठ्याने वाचून दाखवलं, "नाशपाती, ओल्या दगडाचा भास, शेवटी थोडी पांढरी मिरी." नव्या नवरीने लिहिलं 'कलिंगडाची साल', आणि तिचा नवरा तिच्या कागदात डोकावून म्हणाला, "मलाही तेच आलं," तेव्हा ती म्हणाली, "तुला मी लिहिल्यावर आलं." बाई कागदाकडे बघत राहिल्या. दुसरा पेला झाला. तिसरा झाला. तीन ओळी लिहून झाल्यावर दंतवैद्य त्यांच्या खांद्यावरून वाकले. "हे काय आजी? आक्षेपार्ह नाही, आक्षेपार्ह नाही, आक्षेपार्ह नाही! साके आहे का आमच्या नगरसेवकाचा अर्ज?" सगळे हसले. सूनही हसली, मग तिने सासूच्या हातावर हात ठेवला. "आई, दोष शोधायचे नाहीयेत. जे आहे ते लिहायचं." बाई म्हणाल्या, "तेच तर कळत नाहीये. काय आहे, हे कुणी कधी विचारलंच नाही मला."

आणि तरी आत त्यांना काहीतरी व्हायला लागलं होतं. मॅडम बोलत होत्या त्याने. मॅडम पन्नाशीच्या, केस आखूड कापलेले, बाह्या कोपरापर्यंत दुमडलेल्या. जपानमध्ये अकरा वर्षं त्यांनी साके करणाऱ्यांच्या घरी हाताखाली काम केलं होतं, आणि ते सांगताना त्यांचा आवाज आपसूक खाली यायचा, जसा आपण एखाद्याच्या आजारपणाबद्दल किंवा बाळंतपणाबद्दल बोलताना येतो. त्यांनी टेबलावर तीन बशा ठेवल्या. पहिल्या बशीत साधा तांदूळ. दुसऱ्या बशीत तोच तांदूळ, पण कडा घासून गोल केलेला. तिसऱ्या बशीत तर मोत्याची भुकटी असावी तसे बारीक पांढरे मणी. "दोन-तीन दिवस घासतात," मॅडम म्हणाल्या. "हळूहळू, दाणा तापू न देता. अर्ध्याहून जास्त तांदूळ उडून जातो. उरतो तो दाण्याच्या पोटातला पांढरा ठिपका. तेवढाच हवा असतो." बाईंनी एक मणी बोटाच्या टोकावर घेतला. त्याला वजन असं नव्हतंच. मॅडम सांगत गेल्या. तो तांदूळ वाफवायचा. गरम खोलीत पसरायचा. त्यावर हिरवट बुरशीची पूड चाळणीतून भुरभुरायची, धुकं उतरावं इतकी बारीक. मग दोन दिवस आणि दोन रात्री त्या तांदळापाशी माणूस जागा राहतो. हात घालून बघतो, किती तापलं. उलथतो, चादरीने झाकतो, पुन्हा उघडतो. दाण्यात बुरशी शिरते आणि दाणा गोड होतो. मग पाणी. "फळ केव्हा घालतात?" नव्या नवरीने विचारलं. "फळ नाही घालत." "मग नाशपाती?" "तांदूळ आणि पाणी," मॅडम म्हणाल्या. "आणि एवढे सूक्ष्म जीव. बाकी काहीसुद्धा नाही."

बाई रसायनशास्त्र शिकलेल्या होत्या. तो सुगंध कुठून येतो, त्या द्रव्यांची नावं त्यांना अजून पाठ होती, कागद दिला असता तर त्यांनी सूत्रंही लिहून दाखवली असती. पण नावं पाठ असणं वेगळं आणि आपल्या समोरच्या पेल्यात, ज्यात फक्त भात आणि पाणी आहे, त्यात न दिसणाऱ्या झाडाचं फळ पिकलेलं असणं वेगळं. त्यांना आपण बावीस वर्षं एका घराच्या दारात उभ्या राहून आत कुणी नाही ना एवढंच बघत होतो, असं वाटलं. मॅडमनी मग पाण्याची गोष्ट काढली. साकेच्या पाण्यात लोखंड चालत नाही. आपण पितो त्या पाण्यात जेवढं चालतं, त्याच्या पंधराव्या हिश्श्याहून जास्त असलं तरी साके तांबूस पडतं, चव मरते. बाईंनी मनात हिशोब केला आणि त्यांचे डोळे विस्फारले. एवढं स्वच्छ पाणी त्यांच्या थुंकीघरात बावीस वर्षांत एकदाही आलं नव्हतं. तिकडे डोंगराखालून ते आपणहून वर येतं, आणि विहिरीभोवती लोक तीनशे-तीनशे वर्षं घर करून राहतात, फक्त त्या पाण्यासाठी. दुसऱ्या पेल्यातलं साके मॅडमनी छोट्या सुरईत घालून कोमट पाण्यात धरलं आणि पुन्हा ओतलं. "आपला पेला आपण भरायचा नसतो," त्या म्हणाल्या, "शेजाऱ्याने भरायचा." तेव्हा सुनेने बाईंचा भरला आणि बाईंनी सुनेचा. मघाचं तेच साके, पण आता त्यातून भाजलेल्या बदामासारखं ऊबदार काहीतरी वर आलं. बाईंनी डोळे मिटले. कोमट केलं की पोटातलं बाहेर येतं, हे त्यांच्याइतकं त्या खोलीत कुणाला माहीत होतं? पण आत दडलेलं चांगलंही असू शकतं, हे त्यांना एकाहत्तराव्या वर्षी कळत होतं. कागदावर ते कसं लिहायचं, हे मात्र कळेना.

आणि मग चौथा पेला. "हा आजचा राजा," मॅडम म्हणाल्या. "दाण्याचा तिसरा हिस्सासुद्धा उरलेला नाही यात. मी ज्या घरी शिकले, त्यांचं हे साके. वर्षातून थोड्याच बाटल्या निघतात." बाटली पारदर्शक काचेची होती, उंच मानेची. पायऱ्या चढून येताना खिडकीत मांडलेली तीच बाटली सगळ्यांनी कौतुकाने बघितली होती. दंतवैद्यांनी घोट घेतला आणि खुर्चीत मागे रेलले. "काय बोलायचं! शब्दच नाहीत," म्हणाले, आणि पुढची दोन मिनिटं बोलत राहिले. कोपऱ्यातल्या गृहस्थांनी प्रथमच तोंड उघडून "वा" म्हटलं. सून म्हणाली, "आई, हे बघा, हे आवडेल तुम्हाला." बाईंच्या कागदावर तोवर ते दोन शब्द पडले होते. त्यांनी इकडेतिकडे पाहिलं. सगळ्यांचे चेहरे उजळलेले. ज्यांनी अकरा वर्षं त्या वाफेत काढली त्या मॅडमचाही. आपण कोण? आजी. पहिल्यांदाच साके चाखतोय. सकाळी रक्तदाबाची गोळी घेतली होती, तिचा परिणाम असेल. वयाने जीभ बधिर होते, तिला भलतेच भास होतात. बाईंनी पेन्सिल उलटी धरली आणि मागच्या रबराने 'किंचित' खोडलं. मग 'आक्षेपार्ह' राहू दिलं आणि त्याच्यापुढे 'नाही' लिहिलं. रबराचा भुगा त्यांनी फुंकरीने उडवला. ती फुंकर त्यांच्या ओळखीची होती.

अडतीस वर्षांपूर्वीच्या त्या दिवशी थुंकीघरात त्या एकट्याच होत्या. चाखायला तिघं लागायचे, पण एकाला ताप होता आणि एकीच्या घरी पाहुणे. शाळेमागच्या वसाहतीचा चंबू कोमट करून बूच काढलं तेव्हा काही जाणवलं नाही, पण घोट घेतल्यावर जिभेच्या मागे ओल्या पोत्याचा वास आला आणि त्याच्याखाली झाडाच्या मुळांचा, मातकट, गोड, कुजका. अगदी पुसट. बाईंनी लिहिलं, किंचित आक्षेपार्ह, आणि कागद घेऊन वर साहेबांकडे गेल्या. साहेब म्हणजे प्रयोगशाळेचे प्रमुख. त्यांच्याकडे महिन्यापूर्वीच नवं यंत्र आलं होतं आणि ते त्याच्यावर रोज सकाळी स्वतः फडकं मारत. "क्लोरीन ठीक आहे, गढूळपणा ठीक आहे," ते म्हणाले. "यंत्राला काही दिसत नाही आणि तुम्हाला मुळं दिसतात? बाई, कितवा महिना?" बाईंना चौथा होता. "बघा, मग! या दिवसांत माझ्या बायकोला भिंतीच्या चुन्याचा वास यायचा. तुमच्या भासापायी मी चारशे घरांचं पाणी बंद करू? शहर हसेल मला. जंतूंच्या तपासणीला त्या भागाचा वार परवा आहे, तेव्हा कळेलच की." बाई पायऱ्या उतरून खाली आल्या, रबर घेतलं, खोडलं, लिहिलं, भुगा फुंकला, सही केली. संध्याकाळी पाणी सुटलं. दोन दिवसांत त्या वसाहतीतली सत्तावीस माणसं आजारी पडली, त्यातली बरीच शाळेतली मुलं. सगळी वाचली, पण एक मुलगी महिनाभर दवाखान्यात होती. चौकशी बसली. दुपारी बाराचं पाणी निर्दोष असल्याचा सहीशिक्क्याचा कागद होता. म्हणजे घाण त्यानंतर शिरली. त्यानंतर त्या लाइनीला हात लागला तो फक्त पाणी सोडणाऱ्या चावीवाल्याचा. त्याची पाळी चारला सुरू झाली होती. त्याने चावी उलटसुलट फिरवली, लाइन रिकामी झाली, रिकाम्या लाइनीने गटाराचं पाणी ओढलं, असं ठरलं. चावीवाल्याला सगळे अण्णा म्हणत. लोखंडी दांडा खांद्यावर टाकून चालायची त्याची सवय होती, आणि वाटेत कुणी भेटलं की दांडा जमिनीवर आपटून नमस्कार करायचा. "मी पाच वाजता फक्त उघडली," तो चौकशीत पुन्हा पुन्हा म्हणत राहिला. "बाईंना विचारा, पाणी आधीच बिघडलं असणार." बाईंना विचारलं. बाईंनी कागदाकडे बोट दाखवलं. अण्णांची नोकरी गेली.

त्यानंतर बाईंनी एकच गोष्ट मनाशी पक्की धरली. मला त्या दिवशी काही कळलंच नव्हतं. दिवस गेले होते, जिभेचं डोकं फिरलं होतं. पोटातल्या पोरावर त्यांनी ते ढकललं, आणि पोर जन्माला आलं, वाढलं, त्याला मिशा आल्या, त्याचं लग्न झालं, तरी ते तिथेच राहिलं. मुलगा कधी उगाच हसला की त्यांना वाटायचं, याच्यामुळे. आपली जीभ खोटी होती यावर त्यांची सगळी झोप उभी होती. ती खरी ठरली असती, तर त्या नेमक्या कुठे उभ्या राहिल्या असत्या?

"हे खोडलंत का?" मॅडम टेबलाला वळसा घालून बाईंच्या मागे येऊन उभ्या होत्या. कागदाच्या चौथ्या ओळीवर रबराचा मळकट डाग होता आणि त्यातून जुनी अक्षरं अजून दिसत होती. "चुकून लिहिलं," बाई म्हणाल्या. "चुकून काय लिहिलंत?" "काही नाही हो. आमची जुनी सवय." "आई पाणी खात्यात होत्या," सून मध्ये पडली. "शहराचं पाणी चाखायच्या." मॅडमनी खुर्ची ओढली आणि बाईंच्या शेजारी बसल्या. "मग मला सांगाच," त्या म्हणाल्या. दंतवैद्यांच्या हातातला पेला ओठाशी थांबला. बाईंना वाटलं, आता उठावं आणि खाली निघून जावं. रस्त्यावर एक गाडी भोंगा वाजवत गेली. 'गोळीमुळे झालं असेल' हे शब्द त्यांच्या तोंडात तयार होते, जिभेच्या टोकाशी. पण जिभेच्या मागच्या कडेला ते दुसरं अजून होतं. जळक्या केसाचं. "केस जळल्याचा वास आहे," बाई म्हणाल्या. आवाज त्यांचाच त्यांना परका वाटला. "पुसट आहे. नाकाशी येत नाही. घोट मागे गेला की येतो."

"राजाच्या पेल्यात?" दंतवैद्य हसले. "आजी, तुमचा आदर आहे, पण..." मॅडमनी हात वर केला आणि ते गप्प झाले. मॅडमनी बाईंचाच पेला उचलला, तळहातांत धरून थोडा वेळ ऊब दिली, घोट घेतला आणि खिडकीबाहेर बघत राहिल्या. मग त्या उठल्या, बाटलीपाशी गेल्या, बाटली उजेडात धरली. "किती दिवस झाले ही खिडकीत आहे?" हे त्यांनी स्वतःलाच विचारलं, आणि स्वतःच उत्तर दिलं. "तीन आठवडे. दिसायला सुंदर म्हणून मीच मांडली. ऊन लागलंय हिला." आणि वर्गाकडे वळून, मान थोडी खाली घालून म्हणाल्या, "काकू म्हणतात ते बरोबर आहे. उन्हाने साकेला हाच दोष येतो. ही चूक पहिल्या वर्षाच्या मुलाने केली असती तर माझ्या गुरूंनी त्याला तांदूळ धुवायला परत पाठवला असता. मी अकरा वर्षं राहिले तिथे." त्यांचा चेहरा लाल झाला होता. बाईंना त्यांच्याकडे बघवेना. आणि त्याच क्षणी त्यांच्या आत काहीतरी खाली खाली जायला लागलं, विहिरीत सोडलेल्या दगडासारखं, आणि त्याचा आवाज यायची त्या वाट बघत राहिल्या.

मॅडम आतल्या खोलीत गेल्या आणि वर्तमानपत्रात गुंडाळलेली दुसरी बाटली घेऊन आल्या. तीच, पण अंधारात आणि थंडीत राहिलेली. कागद उलगडताना त्यावर दव धरलं होतं. त्यांनी नवे सहा पेले मांडले. बाईंचा स्वतः भरला, दोन्ही हातांनी. "तुम्ही आधी," म्हणाल्या. बाईंनी पेला उचलला. निळी वर्तुळं तळाशी होती, अढळ. त्यांनी वास घेतला आणि त्यांना काही शोधावंच लागलं नाही. घोट जिभेवर आला, आणि मग जे घडलं ते त्यांना पुढे कधी कुणाला नीट सांगता आलं नाही. आधी पाणी आलं. मऊ, इतकं मऊ की जिभेला ते आपलंच वाटलं. मग त्या पाण्यातून हळूच, पहाटे खोलीत उजेड यावा तसं, काहीतरी पसरलं. नाशपाती म्हणावी तर नाशपाती होती, पण नाशपाती झाडावर असतानाची, अजून कुणी हात न लावलेली. तिच्यामागे भाताची वाफ, लहानपणी भांड्यावरचं झाकण काढताच तोंडावर यायची ती. आणि त्याच्याही मागे काही नव्हतं, पण ते 'काही नाही' त्यांच्या थुंकीघरातल्या 'काही नाही'सारखं रिकामं नव्हतं. ते मोठं होतं, उंच छताच्या जागी गेल्यावर आपण आपोआप हळू बोलतो, तसं. डोंगराखालचं पाणी, घासून घासून उरलेला ठिपका, दोन रात्री जागलेला माणूस, सगळे त्यात होते आणि कुणीही आवाज करत नव्हतं. बाईंनी पिकदाणीकडे बघितलंही नाही. बावीस वर्षं रोज थुंकणाऱ्या बाईंनी तो घोट गिळला. त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं. सून घाबरून म्हणाली, "आई, घशात गेलं का?" बाईंनी मान हलवली. माणसाच्या तोंडात एवढं मावतं, आणि ही जीभ एवढं सगळं खरं खरं सांगते. त्या अचंब्यापुढे त्या क्षणभर सगळं विसरल्या, स्वतःलाही. मग विहिरीतल्या दगडाचा आवाज आला. ही जीभ खरी आहे. एकाहत्तराव्या वर्षी खरी आहे. तेहतिसाव्या वर्षी तर असणारच.

वर्ग संपला तेव्हा साडेपाच झाले होते. दंतवैद्यांनी जिन्यात बाईंना वाट दिली आणि म्हणाले, "आजी, आमच्या दवाखान्यात येत जा. आमचं पाणीही बघून ठेवा." खाली रस्त्यावर ऊन तिरपं आलं होतं. सुनेने रिक्षाला हात केला तसा बाईंनी तो खाली ओढला. "घरी नाही जायचं." "चढली का तुम्हाला?" सून हसून म्हणाली. "सगळं थुंकले मी. एक सोडून." आणि तिथेच, फुटपाथवर, माणसं दोन्ही बाजूंनी जात असताना बाईंनी सुनेला सगळं सांगितलं. सुनेचं हसू हळूहळू गेलं. शेवटी ती एवढंच म्हणाली, "कुठे राहतात ते अण्णा?" बाईंना ते माहीत होतं. तीन थांबे पुढे, टपाल कचेरीमागची इमारत, तिसरा मजला. अडतीस वर्षांत त्यांनी तो रस्ता टाळला होता, म्हणूनच तो त्यांना पाठ होता.

दार पन्नाशीच्या एका बाईने उघडलं. अण्णांची मुलगी. "पाणी खात्यातल्या बाई," असं सांगितल्यावर ती दारातून बाजूला झाली. अण्णा खिडकीशी खुर्चीत बसले होते. वाळून लाकडासारखे झालेले, पण खांदे तेच, एक वर, एक खाली. मुलगी म्हणाली, "ऐकू येत नाही त्यांना. यंत्र आणलंय, पण ते शिट्टी मारतं म्हणून लावत नाहीत." तिने बाईंना पाणी आणून दिलं. बाईंनी तो ग्लास स्टुलावर ठेवला. "अण्णा," त्या म्हणाल्या, "त्या दिवशी दुपारी पाण्याला वास होता." "काय?" "दुपारीच वास होता पाण्याला." अण्णांनी कानामागे हात धरला. "मोठ्यानं बोला बाई! हा गेलाय, आणि हा त्याच्या वाटेवर आहे." बाईंनी श्वास घेतला. जन्मात कुणावर ओरडल्या नव्हत्या त्या. "बारा वाजता पाणी बिघडलेलं होतं!" त्या ओरडल्या. "मला कळलं होतं! मी आधी खरं लिहिलं, मग खोडलं! तुमची पाळी चारला होती, अण्णा! तुमचा काही दोष नव्हता!" जिन्यात कुणाचं तरी दार उघडलं. शेजारची खिडकी उघडली. सून भिंतीला टेकून उभी होती, तिने ओठ घट्ट मिटले होते.

बाईंनी अण्णांच्या चेहऱ्यावर राग शोधला तर तो दिसेना. ते विचार करत होते. मग त्यांनी विचारलं, "कशाचा?" "काय?" आता बाईंनी विचारलं. "वास हो. कशाचा होता?" "ओल्या पोत्याचा! आणि झाडाच्या मुळांचा!" अण्णांनी मांडीवर हात आपटला. "मुळांचा! म्हणजे शाळेमागच्या झाडाखाली फुटली होती लाइन. मुळांनी फोडली. मी सांगत होतो ना सगळ्यांना, खणा, तिथे खणा. कुणी खणलं नाही." बाईंना काहीतरी म्हणायचं होतं, ज्याला क्षमा वगैरे नाव आहे, पण अण्णांनी ते येऊच दिलं नाही. ते मुलीकडे वळले. "आईला उठव," म्हणाले. "तिला ऊठ म्हणावं, बाहेर ये म्हणावं." आणि बाईंना म्हणाले, "माझी मंडळी आत झोपलीय. अडतीस वर्षं तिला वाटतंय, मीच काहीतरी वेंधळेपणा केला असेल. कधी बोलली नाही तोंडाने, पण कळतं ना. तिला सांगा. तिला ऐकू येतं, हळू सांगितलंत तरी चालेल."

आतून पावलं आली, घासत, थांबत. भिंतीचा आधार घेत एक बारकी म्हातारी दारात उभी राहिली, पदर सावरत, डोळ्यांत अजून झोप. बाई खुर्चीवरून उठल्या. तिच्यासमोर जाऊन उभ्या राहिल्या आणि पहिल्यापासून सगळं सांगायला लागल्या. आवाज मात्र त्यांनी खाली आणला नाही.